पातळ बर्फावरची पैज

बर्लिनबाहेरच्या म्युगल तळ्यावर त्या दुपारी दिग्दर्शक गेरलाखची मंडळी मूकपटाचं शेवटचं दृश्य घ्यायला आली होती. पैजेखातर एक लेफ्टनंट गोठलेल्या तळ्यावरून चालत जातो, एवढंच ते दृश्य. पण बर्फ मध्येच कण्हल्यासारखा वाजला आणि लेफ्टनंटच्या वेषातला रुप्रेख्त काठावरच अडून बसला.

"मला बायकापोरं आहेत बाबा!"

"मिशा तेवढ्या शूर तुमच्या," नायिका ओटिली हसली. "कोट द्या इकडे. लांबून कुणाला कळतंय? मध्यापर्यंत जाऊन परत आले, तर जाहिरातीवर माझं नाव तुमच्या वर. लावता पैज?"

"लावली! बुडालीस तर मला बोल लावू नकोस."

ओटिली निघाली. कॅमेऱ्याची खरखर मागे पुसट होत गेली. ओल्या लोखंडासारखा वास येत होता. बर्फ काळसर, काचेसारखा. मध्यावर पोचली आणि पायाखाली टकटक ऐकू आली. ती थांबली, टकटकही थांबली. तिने एक पाऊल टाकलं. खालून एक ठोका.

पळायचं सोडून तिला भलतंच कुतूहल वाटलं. तिने गुडघे टेकले, बर्फाला कान लावला आणि बोटाच्या पेराने हळूच ठोकलं.

खालून उत्तर आलं... अगदी कानाशी.

काठावर सगळ्यांनी तिला घेरलं. "जिंकलीस गं बाई!" रुप्रेख्त म्हणाला.

फिल्म धुऊन झाल्यावर कॅमेरामन फोल्कमारने तिला एकटीलाच बोलावलं. खिडक्या झाकून यंत्र सुरू केलं.

पडद्यावर ती गुडघे टेकून बसली. मग त्याच जागेवरून, तसाच कोट घातलेली एक बाई उठली आणि काठाकडे चालू लागली. बसलेली तिथेच राहिली.

"एकाच फिल्मवर दोनदा चित्रण झालं असेल," ओटिली पुटपुटली.

"मग दोघींच्या अंगातून मागची झाडं आरपार दिसली असती... आणि मी डोळ्यांनी एकच बघितली. चालत आली ती."

चालणारी जवळ आली. चेहरा ओटिलीचाच. मागे, लांबवर, बसलेली दोन्ही मुठी बर्फावर आपटत होती. तिचं तोंड उघडं होतं. हाक मारत असावी, पण मूकपटात ती ऐकू कशी येणार?

"बाई..." फोल्कमार तिच्याकडे वळला. "यातल्या तुम्ही कुठल्या?"

ओटिली आठवू लागली. टेकलेले गुडघे, कानाला झोंबलेला बर्फ, तो ठोका, सगळं लख्ख आठवत होतं. परत चालत आल्याचं मात्र एक पाऊलही आठवेना.