चिपचा तुटलेला पाय

माझा साडू. नात्यातला आहे म्हणून सांगतो, माणूस दीडशहाणा. जुने व्हिडिओ गेम टीव्हीला जोडायच्या छोट्या डब्यांत भरून विकायचा आणि तोंड असं, की जगात दुसरं कोणी कामाचंच नाही. परवाच्या उन्हाळ्यात, एका मंगळवारी संध्याकाळी तो टीव्ही-गेम दुरुस्त करणाऱ्या एका वारलेल्या मेकॅनिकच्या घरी गेला, जुनं गेमचं मशीन मागायला.

“गेम आहेत ना तुमच्याकडे?” मेकॅनिकच्या बायकोनं विचारलं.

“गेम आहेत हो वहिनी. कॉम्प्युटरवर नकली मशीनही आहे. पण खऱ्या मशीनला जागं करणारा प्रोग्रॅम, बायॉस, आतल्या चिपमध्ये असतो. तो उतरवून घेतल्याशिवाय काही गेम उठतच नाहीत.”

“न्या. पण मोडू नका. यांच्या हातचं शेवटचं काम आहे.”

“छे छे!” म्हणाला आणि जिन्यातच हसला. “कल्हईवाला साला. काम म्हणे!”

घरी बायको-मुलं नव्हती. नऊ वाजून वीस मिनिटं. यानं पकडीनं चिप उपटली. तिच्या तारेसारख्या पायांपैकी एक तुटला. तिथे तार दाबून धरली आणि आतलं सगळं कॉम्प्युटरवर उतरवलं. नेटवर दिलेल्या तपासणीच्या आकड्याशी ताडून पाहिलं. एका अंकाचाही फरक नाही.

“मेल्यावर कुणाला काय कळतंय!” उघडं मशीन त्यानं पायानंच टेबलाखाली सारलं.

मग गेम लावला.

कंपनीचं चिन्ह उमटलं. सूर वाजला. पडदा काळा.

स्पीकरमधून कुणीतरी खोकलं.

साडूनं आवाज बंद केला.

पुन्हा खोकला.

त्यानं स्पीकरची वायरच उपटली.

“हळू...”

पुरुषाचा आवाज. थकलेला. आता पाठीमागून.

“हळू... पाय तुटतो...”

साडूला वळता येईना. मानेवर ऊब. सोल्डरिंग करताना उठतो तसा राळेचा धूर.

“धर... हलवू नकोस...”

...

सकाळी त्याचा फोन आला, मी गेलो. साहेब भिंतीला पाठ लावून बसलेले. रात्रीचं कसंबसं सांगितलं आणि तोंड बंद. आयुष्यात पहिल्यांदा.

मशीन खाली तसंच पडलेलं. पण टेबलाच्या फळीवर काळा डाग जळला होता, आणि त्यात सोल्डरचा, म्हणजे जोडकामाच्या कथलाचा, एक थेंब. गोल, चकचकीत. त्या घरात सोल्डरिंगचं हत्यार कधीच नव्हतं. साडूला ते धरताही येत नाही.

सकाळचे अकरा वाजले होते. मी बोट लावलं...

हे बघा. फोडाचा वण अजून दिसतो.