मोटारीचं कांकण

माझा मोठा भाऊ चुन्नीलाल याचं लग्न झालं ते १९३८ साल. आमच्या घरात त्या सालाला कुणी आकड्यानं ओळखत नाही, चुन्नीभाऊच्या लग्नाचं साल असंच म्हणतात. वैशाख लागला होता. कोहमाऱ्याजवळच्या आमच्या गावात मोहाची शेवटची फुलं गळत होती, आणि त्या गोडसर वासात आमच्या अंगणात चक्क एक मोटार उभी होती.

मोटार गोंदियाच्या एका बिडीवाल्या सेठची. आमचे अजी त्या सेठला तेंदूपत्ता गोळा करून देत, म्हणून त्यानं ती वरातीसाठी पाठवली होती. आम्ही पोवार; आमच्यात वडिलांना अजी म्हणतात. बाकीची वरात बैलबंड्यांनी सकाळीच नवरीच्या गावी, देवरीकडे निघून गेली होती. मोटारीत बसणार होतो फक्त चुन्नीभाऊ, अजी, धुरपता आत्या आणि करवली म्हणून मी.

आत्याला मोटारीची फार काळजी.

"पयल्यांदा वरातीले चालली हे. साऱ्या गावानं डोरे लावले तिच्यावर," ती म्हणाली. "शामे, हरदीची वाटी आन. नवरदेवाले लावली, तशी हिलेबी लावू."

आत्यानं दिव्यांना हळद लावली, मी चाकांना लावायला खाली वाकले. मोटारीखालून एक पाय बाहेर आला होता, तो मला दिसलाच नाही. हळदीचा गोळा नेमका त्याच्यावर पडला.

"बाई," मोटारीखालून आवाज आला, "हरद तर लागली. आता मले मांडवात कवा बसवता?"

मी दचकून मागं सरकले. तेल लागलेला चेहरा, कुरळे केस, आणि त्या काळ्या चेहऱ्यात हसणारे पांढरे दात असा एक तरुण सरपटत बाहेर आला.

"पाय घरात ठेवून यायचा होता," मी म्हटलं.

"पाय घरी ठेवला तर बिरेक कोन दाबन?"

तो टेकचंद. मोटार चालवणारा. पोवारच, दरेकस्याकडचा. मी फणकाऱ्यानं तोंड फिरवलं खरं, पण त्यानं ती हळद पुसली नाही, हे मी पाहिलं होतं.

तेवढ्यात आत्यानं नवंच काढलं. नवरदेवाच्या मनगटाला बांधतात तसलंच कांकण, म्हणजे पिवळा दोरा, हळकुंड, सुपारी आणि लोखंडाची कडी, तिनं मोटारीच्या उजव्या दिव्यामागं बांधलं. वरून आंब्याची पानं खोचली. दोरा ओढून घट्ट केला आणि बजावलं, "लगन लागेपर्यंत हे कोनी सोडाचं नाही. सोडलं तर इघन येते."

"नाही सोडत जी," टेकचंद हात जोडून म्हणाला.

वरात निघाली तेव्हा सगळे आनंदात होते. मी मात्र नव्हते. वहिनी येणार होती तुलसा, आणि तिच्या घरी गेल्यावर अजी माझं लग्न तिच्याच भावाशी, रूपलालशी, पक्कं करणार होते. तुमची मुलगी आमच्याकडे, आमची तुमच्याकडे. रूपलालला मी एकदा पाहिलं होतं. आमच्या ओसरीवर बसून त्यानं माझ्याकडे मान वर करून पाहिलंही नाही. अजींना एवढंच विचारलं, "पोरगी रोवना कितीक करते?" रोवना म्हणजे धानाची लावणी. बैल घेताना दात बघतात ना, तसं.

मी अजींसमोर काही बोलले नव्हते. मी नाही म्हटलं असतं तर चुन्नीभाऊचं लग्नही अडलं असतं. आणि भाऊ तुलसासाठी वेडा झाला होता.

रस्ता जंगलातला. दिवस मावळला तसा टेकचंदनं मोटारीचे दिवे लावले. झाडांचे बुंधे दोन्ही बाजूंनी पिवळे उजळले... आणि एका खड्ड्यात चाक आदळलं. टिक असा बारीक आवाज झाला, आणि समोर काळोख.

टेकचंदनं मोटार थांबवली. भोंगा दाबून पाहिला. गप्प.

"काय झालं रे डरायवर?" अजींनी विचारलं.

"इंजिन चालून राहिलं, पटील. दिवे मेले, भोंगाबी मेला. म्हंजे फ्यूज गेला."

सुकाणूच्या चाकाखाली पत्र्याचं झाकण असलेली एक डबी होती. त्यानं ती उघडली. मी कंदील घेऊन उतरले, कारण आत्याला उतरायची भीती वाटत होती आणि नवरदेवानं उतरायचं नसतं. टेकचंदनं चिमट्यातून एक काचेची नळी काढली. बोटाच्या पेरापेक्षा लहान.

"हे पाहा, करवलीबाई. उजेडाकडं धरा. आत तार दिसते का?"

मी धरली. "नाही. काच कारी झाली."

"मंग गेला. चांगल्या फ्यूजमंदी केसावानी तार राहते, या टोकापासून त्या टोकापर्यंत."

"एवढीशी तार मोटर चालवते?"

"चालवत नाही, वाचवते. वीज जास्त झाली का आपन जरते, बाकी मोटरीले काही होऊ देत नाही." तो हसला. "घरातल्या एखाद्या पोरीवानी."

मी कंदील जरा खाली घेतला.

"अन् पोरीले कोन वाचवते जी?"

तो माझ्याकडे पाहत राहिला, मघासारखं हसत नव्हे.

झाकणात दोन फ्यूज जादा होते. त्यानं एक बसवला. दिवे भक्कन लागले, आत्यानं टाळी वाजवली, आणि पुन्हा टिक... काळोख.

"आता एकच राहिला," टेकचंद हळूच म्हणाला. "का जरून राहिला हे समजल्याबिगर तो लावाचा नाही."

अजींचा धीर सुटत चालला होता. मुहूर्त रात्रीच्या पहिल्या प्रहरात होता.

"सिगरेटच्या डब्बीतली चांदी गुंडाळून लाव ना त्या जागी. गोंद्याचे सारे डरायवर तसंच करतात."

"करतात जी. पन चांदी जरत नाही. मंग आतली तार जरते, मंग मोटर पेटते. अन् मोटरीत नवरदेव बसला हाय."

"मुहूर्त गेला तर?"

"मुहूर्त गेला तर मले शिव्या द्या, पटील. पोरगं गेलं तर कोनाले द्याल?"

अजींसमोर असं बोललेलं मी कुणाला ऐकलं नव्हतं. अजी रागानं लाल झाले.

"दिवे बंद असले का फ्यूज राहते, लावले का जाते," टेकचंद स्वतःशीच बोलत होता. "म्हंजे दिव्याच्याच तारेत कायतरी हाय." तो डाव्या दिव्याकडे गेला, खाली बसून तारा चाचपू लागला.

मी उजव्या दिव्याशी उभी होते. आंब्याची पानं धक्क्यानं खाली सरकली होती. कंदिलाच्या उजेडात मला आत्याचं कांकण दिसलं. दोरा सैल पडला होता आणि लोखंडाची कडी दिव्यामागच्या स्क्रूवर, जिथं तार जोडलेली असते तिथं, टेकून बसली होती. कडीवर काजळाच्या तिटेएवढा एक जळका डाग होता.

मला कळलं. दुसऱ्या कुणालाच नाही.

मी गप्प राहिले असते तर? मुहूर्त गेला असता. लग्न पुढं गेलं असतं, रुसवेफुगवे झाले असते, आणि रूपलालची गोष्ट कदाचित तिथंच बारगळली असती. कंदिलाची ज्योत हलत होती. मी ओठ घट्ट मिटून उभी होते.

तेवढ्यात मोटारीतून चुन्नीभाऊचा आवाज आला. इतका वेळ बिचारा बाशिंग सावरत बसला होता.

"शामे... तुलसा वाट पाहून राहिली असन ना वं?"

माझे डोळे भरून आले.

"टेकचंदजी," मी म्हटलं, "इकडं या. कडी तारेले लागून राहिली."

तो आला. वाकला. कडी पाहिली, मग मला पाहिलं.

"करवलीबाई, माहे डोरे काही कामाचे नाही. तुम्हीच चालवा मोटर."

तो कांकण सोडायला हात पुढे करतो तोच आत्या किंचाळली, "हात नोको लावू! लगन लागल्याबिगर कांकन सुटत नसते!"

अजींनीही मान हलवली. "खरं हाय. सोडाचं नाही."

"मंग फ्यूज राहनार नाही," टेकचंद म्हणाला.

आत्या रडकुंडीला आली. सोडलं तर विघ्न, ठेवलं तर अंधार. मी विचार केला नाही. पदराचं टोक दातात धरलं आणि चर्रकन एक पट्टी फाडली.

"सोडाचं कायले? कडीले कपडा गुंडाळू. तारेले लागनार नाही."

टेकचंदनं कडी वर उचलून धरली, मी पट्टी गुंडाळू लागले. जागा इतकी अरुंद की बोटं एकमेकांना लागतच होती. त्याच्या हाताला रॉकेलचा वास होता... आणि हळदीचाही.

"गाठ घट्ट मारा," तो अगदी हलक्या आवाजात म्हणाला. "सुटली का अंधार."

"माही गाठ सुटत नसते."

"सांगून ठेवलं बरं हे."

शेवटचा फ्यूज त्यानं माझ्या तळहातावर ठेवला. "तुम्हीच लावा."

"गेला तर?"

"गेला तर तुमचं नाव. राहिला तर माहं."

"लबाड!"

मी फ्यूज चिमट्यात बसवला. दिवे लागले. आम्ही पुन्हा निघालो. मोटार एका खड्ड्यातून गेली, दुसऱ्यातून गेली, नाल्यात उतरून वर आली... दिवे जळतच राहिले. चुन्नीभाऊ हसत हसत भोंगा वाजवायला लावत होता, सारखा.

मुहूर्तावर पोहोचलो. वहिनीची आई गिरजाबाई आरती घेऊन पुढे आली. नवरदेवाला ओवाळलं, मग करवलीला. तिची नजर माझ्या पदरावर थांबली.

"हा पदर काऊन फाटला?"

मी काही म्हणायच्या आत धुरपता आत्यानं कौतुकानं सगळं सांगितलं. पोरीनं पदर फाडला, मोटारीला बांधला, म्हणून वरात आली!

गिरजाबाईंच्या हातातली आरती तिथंच थांबली.

"म्हंजे लगनाच्या वाटेवर हिनं आपला पदर परक्या मानसाच्या मोटरीले बांधला? त्याच्या संगं?"

"अवो, चिंधी हाय ती!" अजी म्हणाले.

"चिंधी पदराचीच ना जी? पदराची गाठ पोरगी एकदाच बांधते. चुन्नीलाल आमचा जवाई, त्यात काही खोट नाही. पन ही पोरगी माह्या रूपलालले नोको."

अजींनी पुष्कळ सांगून पाहिलं. गिरजाबाई हलल्या नाहीत. मी मान खाली घालून उभी होते, कारण मान वर केली असती तर माझं हसू सगळ्या मांडवानं पाहिलं असतं.

चुन्नीभाऊचं लग्न थाटात लागलं. दुसऱ्या दिवशी सकाळी नवरा-नवरीची कांकणं सुटली, तशी आत्या मोटारीचं सोडायला निघाली. मी मागं मागं गेले. टेकचंद काच पुसत होता.

"आत्या, कांकन न्या. चिंधी राहू द्या," तो म्हणाला.

आत्यानं त्याच्याकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, आणि कांकण घेऊन चक्क निघून गेली.

"चिंधी कायले पायजे?" मी विचारलं.

"फ्यूज जाऊ नये म्हनून."

"कडी गेली. आता फ्यूज कायले जाईल?"

तो काच पुसत राहिला. पुसलेलीच काच, पुन्हा पुन्हा.

"तुम्ही काल इचारलं, पोरीले कोन वाचवते. मले रातभर झोप नाही लागली." त्यानं फडकं खांद्यावर टाकलं. "मले वाचवता-गिचवता काही येत नाही, शामकला. तूच मले वाट दाखवली काल. पन संगं राहता येते मले. तू म्हनशीन तर... मी पटलाशी बोलतो."

त्यानं पहिल्यांदा माझं नाव घेतलं होतं. माझे कान गरम झाले.

"अजी मारतीन," मी म्हटलं.

"तुले?"

"तुम्हाले."

"मंग चालते."

"...बोला मंग," मी म्हटलं आणि पळाले.

गावी परतल्यावर तो खरोखर बोलला. अजींनी ऐकून घेतलं.

"शेती हाय?"

"बापाची हाय. भाऊ पाहतात."

"मोटर सोडशीन?"

"नाही जी."

मी दाराआड भिंत धरून उभी.

"आज इथी, उद्या तिथी फिरनाऱ्या डरायवरले मी पोरगी देनार नाही," अजी म्हणाले.

मग मला बाहेर यावंच लागलं.

"अजी, मी भावासाठी रूपलालले हो म्हनत होती. आता तिकडून नाही झालं. माह्यासाठी एकदा मले इचारा."

"इचारतो. बोल."

"मले हाच पायजे."

आत्या अजींना म्हणाली, "दुली, पोरीनं गाठ बांधली, साऱ्या देवरीले माहीत झालं. आता कोनाले देशीन?"

अजी उठून गेले. जाता जाता टेकचंदला एवढंच म्हणाले, "आखाडात रोवन्याले ये. चिखलात किती टिकते ते पाहू."

तो आला. धानाच्या बांधीतल्या चिखलात टेकचंद असा चालायचा, जणू प्रत्येक पावलाला ब्रेक दाबतोय. बाया हसून हसून वाकायच्या. त्याची रोपं वाकडी, ओळी वाकड्या. पण पाऊस असो, जळवा असोत, रोवणं संपेपर्यंत तो हटला नाही. शेवटच्या दिवशी अजींनी स्वतःच्या ताटाशेजारी त्याचं ताट मांडायला सांगितलं.

पुढच्या फाल्गुनात आमचं लग्न झालं. आम्ही गोंदियाला राहायला गेलो. आमचा संसार गोड होता. अजी मात्र हट्टी. भेटायला येत, नातवंडं खेळवत, पण जावयाला कधी जावई म्हटलं नाही. डरायवरच म्हणत राहिले. टेकचंद मला म्हणे, "म्हनू दे. त्यांनी तुले देल्ली, आनखी काय पायजे मले?"

मग एका हिवाळ्यात अजींच्या छातीत दुखणं बसलं. टेकचंद मला घेऊन मोटारीनं गावी गेला, त्यांना मागच्या सीटवर माझ्या मांडीवर निजवलं आणि गोंदियाच्या दवाखान्याकडे निघाला. एकेक खड्डा चुकवत, इतक्या हळू की बैलबंड्या पुढे जात होत्या.

अजींनी डोळे उघडले.

"जवाईबापू," ते म्हणाले, "एवढं हरू कायले चालवून राहिले? मी का मडकं हाय?"

टेकचंदनं मोटार थांबवली. बाहीनं डोळे पुसले. मग जरा वेगानं घेतली.

माझे अजी दुलीचंद त्याच दुखण्यानं गोंदियाच्या दवाखान्यात १९४७ च्या जानेवारीत, संक्रांतीच्या दुसऱ्या दिवशी सकाळी वारले.