ओली पेपर प्लेट

ही गोष्ट रचलेली नाही. रचली असती तर मी स्वतःला एवढं हलकट दाखवलं नसतं.

याच महिन्याची नऊ तारीख, मंगळवार, दुपारचे दोन. एडिसन, न्यू जर्सी. बायको रुचा ऑफिसला, मुलगी इला डेकेअरला. घरात मी एकटा.

मंडळाच्या यतीनचा फोन आला. "यार, ती मूकपटाची क्लिप पाठव ना. पाडव्याच्या प्रोग्रॅमला लोकांनी परत मागितलीये."

क्लिपबद्दल सांगायलाच हवं. शंभर वर्षांपूर्वीचा फ्रेंच मूकपट. जाडजूड मोलकरीण, हातात डिशेसची थप्पी. घसरते, फोडते, शेवटी कपाटच अंगावर घेते. मागच्या गणपतीत मी स्टेजवरून तिला मराठी आवाज दिला होता...

शोभनामावशीचा.

मावशी तेव्हा नागपूरहून इलाला सांभाळायला आली होती. तिच्या हातून डिशेस फुटायच्या. "अगं बाई, निसटलीच," म्हणायची. तेच वाक्य मी तिच्याच सुरात मोलकरणीच्या तोंडी घातलं. हॉलभर लोक पोट धरून हसले. मावशी दुसऱ्या रांगेत बसली होती, दोन्ही हात पदराखाली धरून.

गाडीत एवढंच म्हणाली, "छान केलंस हो."

दुसऱ्या दिवसापासून ती पेपर प्लेटमध्ये जेवायला लागली. तीसुद्धा धुऊन ओट्यावर पालथी घालायची.

नागपूरला परतल्यावर कळलं, तिला कंपवात होता. फेब्रुवारीत ती वारली. माफी मागायची राहूनच गेली.

आणि तरीही मी यतीनला म्हणालो, "पाठवतो." सांगायला लाज वाटते.

एकदा बघून घ्यावी म्हणून क्लिप लावली. आवाज फुल होता. पण त्यात रेकॉर्ड झालेलं माझं बोलणं नव्हतं... लोकांचं हसणंही नव्हतं...

पडद्यावर थप्पी पडली.

स्वयंपाकघरात काहीतरी खळ्ळकन फुटलं...

धावत गेलो. फरशीवर एक तुकडा नाही. कपाटात सगळ्या डिशेस जागेवर.

नळ मात्र सुरू होता... बारीक धारेने.

आणि ओट्यावर एक पेपर प्लेट पालथी होती.

मावशी परत गेली, तेव्हापासून आम्ही पेपर प्लेट आणलेली नाही.

नळ बंद करताना माझेच हात कापत होते. "मावशी, चुकलं माझं," मी पहिल्यांदाच मोठ्याने म्हणालो.



यतीनला कॅन्सल कर म्हणालो. कारण त्यालाही सांगितलं नाही, रुचालाही नाही. काय तोंडाने सांगू?

आज अकरा दिवस झाले. प्लेट खिडकीत उन्हात ठेवलीये. रोज हात लावून बघतो...

अजून ओलीच आहे.