न गेलेला निरोप

किटली ठेवली का कुणी? ठेवा. वारा पडल्याशिवाय आज कुणी घरी जात नाही, आणि बुडणाऱ्यांना वाचवायला बोट काढायची वेळ आलीच तर पोटात काहीतरी गरम असलेलं बरं.

जॉस थीकरला तुम्ही ओळखता. ह्या खोलीतला हीटर त्यानंच बसवला. अख्ख्या स्केलविकमधली वायरिंगची कामं तोच करतो. पण तो कुणाच्याही घरात मागच्या दारानं जात नाही, हे कधी लक्षात आलंय?

"मला वाटलं, ऐट करतो," टॅमसिन म्हणाली.

ऐट नाही, पोरी. भीती आहे. मी आणि जॉस वीस वर्षं एकाच बोटीवर होतो. एकदा दारू चढल्यावर त्यानं मला हे सांगितलं, आणि शुद्धीवर असताना पुन्हा एकदा. दोन्ही वेळा अक्षर न् अक्षर तेच.

दोन हजार सोळा साल. ऑक्टोबरची एकोणीस तारीख, बुधवार. जॉसच्या आजोबांची बहीण विनी थीकर, वय चौऱ्याण्णव, जिन्यावरून पडून खुब्याचं हाड मोडलं होतं. इस्पितळातून तिनं जॉसला पिटाळलं, "माझा वाचायचा चष्मा आण. नर्स काय लिहितात ते मला बघायचंय. आणि मागच्या दाराला कडी लाव. आजच्या आज."

जॉसला वाटलं, म्हातारीला चोरांची भीती.

घर तुम्हाला माहीत आहे, बंदराच्या गल्लीतलं शेवटचं. रात्रीचे अकरा वाजत आले होते, कारण आधी दुसरीकडचं काम उरकायचं होतं. चष्मा उशीखाली सापडला. मग तो कडी लावायला स्वयंपाकघरात गेला, तर दारावर टकटक झाली.

त्यानं दार उघडलं. विशीतला एक पोरगा उभा. निळा विणलेला स्वेटर, डोक्यावर टोपी. जॉसला वाटलं, कुठल्यातरी बोटीवरचा असेल.

"विनी आहे का?"

"आजी इस्पितळात आहे. तू कोण?"

"मी तिला एक विचारायला आलो होतो," पोरगा म्हणाला. "तिला माहीत होतं का, एवढं विचार. मी उद्या येतो."

आणि गेला. जॉसनं कडी लावली, दिवा मालवला. गाडीत बसल्यावर त्याच्या लक्षात आलं. थंडी इतकी होती की त्याच्या स्वतःच्या तोंडातून वाफ निघत होती. त्या पोराच्या... निघत नव्हती.

"झालं!" बर्ट म्हणाला. "काका, आता टॅमसिन एकटी घरी जायची नाही."

तू सोडायला जा, म्हणजे दोघांचीही सोय होईल. पुढे ऐक.

गुरुवारी सकाळी जॉसनं आजीला चष्मा दिला आणि हसत हसत सांगितलं, की तुझा कुणी चाहता आला होता, निळ्या स्वेटरचा. विनी हसली नाही. तिनं चष्मा घातला, काढला, पुन्हा घातला.

"तू दार उघडलंस?"

"मग काय करणार?"

"पंचाहत्तर वर्षं मी उघडलं नाही," ती म्हणाली. "दर ऑक्टोबरला दोन रात्री. मी वर रेडिओ मोठा लावून बसते. मेल्या, कडी लाव म्हणाले होते ना मी?"

मग तिनं जॉसला जे सांगितलं, ते तिनं आईला सांगितलं नव्हतं, नवरा केला नाही म्हणून नवऱ्याला सांगायचा प्रश्नच नव्हता, आणि पाद्रीबाबांनाही सांगितलं नव्हतं.

युद्धात ती दक्षिणेत एका मोठ्या बंगल्यात कामाला होती. गावात सगळ्यांना वाटायचं, टायपिस्ट आहे. खरं काम होतं शत्रूचे गुप्त निरोप फोडायचं. दिवसभर नुसती अक्षरं, पाच-पाचचे गट, अर्थ नसलेली. आणि मधेच कधीतरी त्या कचऱ्यातून एक शब्द वर यायचा. विनी एकोणीस वर्षांची होती आणि त्यात पटाईत होती. आत जाताना शपथ घेतलेली. बाहेर एक शब्द बोललीस तर तुरुंग.

तिचा मोठा भाऊ नेड 'हेस्टर'वर होता. मासेमारीची साधी बोट, नौदलानं तिला समुद्रातले सुरुंग वेचायच्या कामाला लावलं होतं. चौदा माणसं, त्यातली पाच स्केलविकची.

एक्केचाळीस सालच्या एकोणीस ऑक्टोबरला रात्री विनीच्या समोर निरोप फुटला. जर्मन टॉर्पेडो बोटी उद्या रात्री कुठे दबा धरून बसणार, ती जागा त्यात होती. स्केलविकच्या पोरीला ती जागा नकाशाशिवाय कळली. 'हेस्टर' तिथूनच जायची.

कागद घेऊन ती पळत साहेबाकडे गेली. साहेब चोवीस वर्षांचा, कॉलेजातून थेट आणलेला, गोड बोलणारा. तिनं त्याला सांगितलं, माझा भाऊ आहे त्या बोटीवर. त्यानं कागद घेतला. तिच्या खांद्यावर हात ठेवला.

"निरोप पाठवतो. वळवतील त्यांना. तू झोप जा."

ती झोपली. जॉस, मी झोपले रे, असं ती तीनदा म्हणाली म्हणे.

निरोप गेलाच नाही. वीस तारखेच्या रात्री 'हेस्टर' बुडाली, चौदाही माणसांसकट. एका बोटीसाठी वाट बदलली असती तर शत्रूला कळलं असतं, की आपले निरोप वाचले जातायत. त्यानं सांकेतिक भाषा बदलली असती, मग पुढच्या शेकडो बोटी बुडाल्या असत्या. साहेबानं तिला हे नंतर सांगितलं. तेही तिनं कॉलर धरल्यावर.

"मला ते पटलं," विनी म्हणाली. "पटलं, पण पचलं नाही. त्यानं तेव्हाच 'नाही' म्हणायचं होतं. मी तुरुंगात गेले असते, पण घरी तार केली असती. हे त्याला माहीत होतं, म्हणून 'हो' म्हणाला."

पुढे आणखी वाईट. ती रजेवर घरी आली तेव्हा नौदलाची तार आली नव्हती. आई रोज धक्क्यावर जाऊन उभी राहायची. अकरा दिवस. विनी तिच्या शेजारी उभी राहायची, मफलर गुंडाळून द्यायची, आणि गप्प. सगळं माहीत असून गप्प.

"आज तो परत येईल," विनी म्हणाली. "त्याला सांग, मला माहीत होतं. मी सांगितलं होतं. माझ्या हातात तेवढंच होतं. पण साहेबाचं नाव विचारलं तर देऊ नकोस."

"का? आता ते सगळं पुस्तकांत आलंय, आजी. टीव्हीवर आलंय."

"शपथेला तारीख नसते. आणि तोही पोरगाच होता, नेडएवढा. वचन दे."

जॉसनं वचन दिलं. नाव त्याला ठाऊक होतं. साहेब अजून जिवंत होता, नव्याण्णव वर्षांचा, समुद्रापासून साठ मैल आत एका वृद्धाश्रमात. दर नाताळात विनीला कार्ड पाठवायचा, 'जुन्या सहकारी मैत्रिणीस सप्रेम'. ती कार्डं जॉसच तिला वाचून दाखवायचा, आणि ती म्हणायची, शेगडीत टाक.

ते नाव मी घेणार नाही. विचारूही नका.

रात्री अकरा वाजून दहा मिनिटं. जॉस स्वयंपाकघरात बसलेला. सगळे दिवे लावलेले. आपण हे का करतोय, हे त्याचं त्यालाच कळत नव्हतं. म्हातारीचा भ्रम असेल, कुणी टवाळ पोरगा असेल. येईल, हसेल, जाईल.

टकटक.

त्यानं दार उघडलं. तोच. निळा स्वेटर, टोपी.

"विचारलंस?"

"विचारलं." जॉस म्हणाला. "तिला माहीत होतं. तिनं वर सांगितलं. निरोप पाठवतो, असं तिला सांगण्यात आलं. तिनं विश्वास ठेवला."





"कुणी सांगितलं?"

"ते... मला माहीत नाही."

"कुणी?"

आवाज चढला नव्हता. तसाच, वाट विचारावी तसा. पण जॉस म्हणतो, स्वयंपाकघर गार पडत गेलं. शेगडी पेटलेली. तरी गार.

"मी वचन दिलंय," जॉस म्हणाला.

"तेरा जण विचारतायत," नेड म्हणाला. "मी एकटा नाही."

जॉसनं त्याच्या खांद्यावरून मागे पाहिलं. गल्लीत अंधार होता. अंधारच होता. पण कुणीतरी खोकलं...

नेडनं एक पाय उंबऱ्याच्या आत टाकला.

"कुणी?"

जॉस मागे सरकला. पाठ टेबलाला लागली. आणखी मागे जागा नव्हती.

...

नाव त्याच्या तोंडून निघून गेलं. नाव, आडनाव. आणि न विचारता गावसुद्धा.

नेडनं मान हलवली. पत्ता नीट कळल्यावर माणूस हलवतो तशी. वळला, आणि गेला. जॉस दारातून बघत राहिला. तो खाली बंदराकडे वळला नाही. वर चढला. मोठ्या रस्त्याकडे.

शुक्रवारी सकाळी विनी वाटच बघत होती. "नाव नाही ना घेतलंस?"

"नाही, आजी."

तिनं चष्म्यातून त्याच्याकडे पाहिलं. खूप वेळ. "साहेबही मला 'हो' म्हणाला तेव्हा असाच माझ्या कपाळाकडे बघत होता," ती म्हणाली.

जॉस रडला. सगळं सांगितलं. ती ओरडली नाही. त्याचा हात घट्ट धरला. "ऐक. अजून वेळ आहे. नेड चालत जाणारा माणूस, त्याला गाडीघोडं कधी आवडलं नाही. साठ मैल आहेत. तिकडे फोन कर. त्याला दुसरीकडे हलवा म्हणावं, त्याच्याजवळ कुणीतरी बसा म्हणावं. ह्या खेपेला तरी निरोप जाऊ दे, जॉस."

"करतो, आजी. आत्ताच करतो. तू झोप."

बोलून गेल्यावर त्याला कळलं, आपण काय बोललो ते. तिलाही कळलं.

त्यानं फोन हातात घेतला होता. दिवसभरात चारदा. नंबरही काढला. पण काय सांगणार? नव्याण्णव वर्षांच्या माणसाला हलवा, कारण एक बुडालेला माणूस चालत येतोय? वेड्यात काढलं असतं. संध्याकाळी त्यानं फोन खिशात टाकला.

शनिवारी विनीनं एकच विचारलं, "गेला निरोप?" जॉस म्हणाला, कुणी उचलला नाही. तिनं चष्मा काढून त्याच्या हातात दिला आणि भिंतीकडे तोंड केलं. नोव्हेंबरात ती गेली. तोवर त्याच्याशी एक शब्द नाही. नर्सशी बोलायची, झाडूवालीशी बोलायची. तो आला की भिंत.

साहेब शुक्रवारी रात्रीच गेला होता. अकराच्या सुमारास. डॉक्टरांनी लिहिलं, वार्धक्य. नव्याण्णवाव्या वर्षी दुसरं काय लिहिणार? झोपेत गेला, चेहरा शांत, अंथरूण कोरडं, खिडकी आतून बंद.

"मग त्यात काय, काका?" बर्टनं विचारलं. पण हसला नाही.

माझ्या बहिणीची मुलगी बेरिल त्याच वृद्धाश्रमात रात्रपाळीला होती. सकाळी खोली आवरायला तीच गेली. तिला ना विनी माहीत, ना नेड. तिनं कपडे बाहेर काढायला कपाट उघडलं. खालच्या फळीवर म्हाताऱ्याचे बूट ओळीनं मांडलेले, पॉलिश केलेले, सात जोड.

चौदाही बूट काठोकाठ पाण्यानं भरलेले होते.

तिनं बोट बुडवून जिभेला लावलं. खारं.

आणि फळीवर एकही थेंब सांडलेला नव्हता.