नऊ नंबरचा पडदा

ग्रिसेल्दा दारात उभी राहिली तेव्हा तिच्या मुठीत दम्याचा पंप होता. बसताना, बोलताना, रडतानाही तिने तो सोडला नाही.

"दोन्या ओक्ताव्हिया, माझी मिलुस्का काल दुपारी साडेतीनला नेटच्या कबिनेत जाते म्हणून गेली, ती आलीच नाही हो. आणि हा पंप घरीच राहिला."

ऑगस्टात आमच्या लिमाच्या टेकड्यांवर धुकं असं बसतं की गादीसुद्धा ओली लागते. त्यात दमेकरी पोरीने पंपावाचून रात्र काढायची! काय होतं ते आमच्या वस्तीत कुणाला समजावून सांगावं लागत नाही.

ओक्ताव्हियाबाईंनी, वस्ती त्यांना मानाने दोन्या म्हणते, घड्याळ पाहिलं. शनिवार, सकाळचे दहा.

"चौकीवर गेलीस?"

"गेले. म्हणाले, एकोणीस वर्षांची घोडी आहे, गेली असेल कुणाबरोबर. सोमवारी या."

"सोमवारी! मेल्यांच्या जिभा झडत कशा नाहीत!" बाई उठल्याच.

तीस वर्षं कोर्टाचे समन्स वाटल्यामुळे वस्तीतलं प्रत्येक दार त्यांना ठाऊक होतं, आणि दारामागून खोटं कसं बोलतात तेही. आता त्या लोकांची हरवलेली माणसं शोधत. सोबत धाकटा दीर विल्मर आणि त्याची तिचाकी टॅक्सी. विल्मर मनाने लोणी. डोक्याने, आता काय सांगायचं, जरा सावकाश.

ग्रिसेल्दाने एक वही पुढे केली. "दिवसभर हेच आकडे लिहीत बसायची. मी म्हणायची, जाळ हा कचरा." आणि पुन्हा तिचा बांध फुटला.

विल्मरने वही उघडली. "एक नंबर, तेराशे सहासष्ट बाय सातशे अडुसष्ट. दोन नंबर, सोळाशे बाय नऊशे. ढब्ब्या, एक हजार चोवीस बाय सातशे अडुसष्ट, त्याहून मोठं दिलं की डोळे मिटतो... वहिनी, हे तिजोऱ्यांचे आकडे आहेत! टोळीचं काम आहे हे."

"भाऊजी, गाडी काढा," बाई म्हणाल्या.

फोर्तुनातोची कबिना म्हणजे बारा जुने कॉम्प्युटर, प्रत्येकाला प्लायवूडचा आडोसा, आणि दिवसभर गोळीबाराच्या खेळांचा आवाज. आज मात्र सगळं शांत. संध्याकाळी चारला अंतिम सामना होता. बघायला साव पावलोहून एक माणूस येणार होता. आमच्या संघातला एकच खेळाडू तो आपल्या संघात नेणार, हे वस्तीला आठवडाभर तोंडपाठ होतं.

"मिलुस्का काल इथे पोचलीच नाही," फोर्तुनातो म्हणाला. म्हातारा रात्रभर जागलेला दिसत होता. "ती नाही तर माझी कबिना बंद पडेल, बाई. माझी खोकी जुनी. खेळ सुरू करून आतून चित्राचा आकार बदलायला गेलं की अडकतात. म्हणून खेळ उघडायच्या आधीच त्याची सेटिंगची फाइल उघडायची, त्यात रुंदी-उंची हाताने लिहायची, आणि फाइलला कुलूप घालायचं. नाहीतर खेळ पुन्हा आपलंच खरं करतो. कुठल्या पडद्याला काय पचतं, ते तिला पाठ."

"आणि खेळणाऱ्यांना?"

"प्रत्येकाची आपापली फाइल असते, गळ्यातल्या पेनड्राइव्हवर. आले की चिकटवायची. मी दर रविवारी मशिनी बंद करतो तेव्हा सगळं पुसलं जातं ना."

"म्हणजे कालचं अजून आहे."

"आहे की."

बाईंची नजर काउंटरमागच्या भिंतीवर गेली. तिथे एक खिळा होता, त्याखाली किल्लीच्या आकाराचा स्वच्छ डाग. बाकी भिंत धुळीने काळी.

"इथे काय असतं?"

"वरच्या जुन्या पाण्याच्या टाकीची किल्ली. नळ आल्यापासून टाकी कोरडीच. फक्त माझी अँटेना आहे तिच्यावर." फोर्तुनातोने वळून पाहिलं. "अरेच्चा! पडली वाटतं कुठेतरी."

तेवढ्यात दार धाडकन उघडलं. मिलुस्काचा सावत्र बाप एरिबेर्तो, बसचा ड्रायव्हर, आत आला.

"कुठे लपवलीस पोरीला, म्हाताऱ्या?"

विल्मर बाईंच्या कानाशी लागला. "हाच. परवा सगळ्यांदेखत ओरडत होता, तिची खोकी फोडीन म्हणून."

बाईंनी एरिबेर्तोकडे नीट पाहिलं. डोळे लाल, बूट राखाडी धुळीने माखलेले.

"रात्री कुठे होतास?"

"दवाखान्यांत. सगळ्या. शवागारात पण जाऊन आलो." त्याचा आवाज एकदम खाली आला. "ओरडतो मी, दोन्या. पण पंप रोज तिच्या पिशवीत मीच टाकतो. काल माझी लवकरची पाळी होती."

तो भिंतीला टेकून बसला. मग त्याच्याकडे कुणी बघितलं नाही, बघवतच नव्हतं.

कोपऱ्यात संघाचा निळा शर्ट घातलेला जोसिमार हेडफोन पुसत होता. वीस वर्षांचा, देखणा, आणि ते स्वतःला ठाऊक असलेला. मिलुस्का नसेल तर आज कप्तानाच्या खुर्चीवर तोच बसणार होता.

"बूट छान आहेत रे," बाई म्हणाल्या. पांढऱ्या बुटांच्या शिवणीत हिरवट चिखल रुतलेला होता.

"थँक्यू, दोन्या."

"काल दुपारी?"

"साडेतीन ते सहा नऊ नंबरवर. एकटाच, मशीनच्या भिडूंशी सराव. काका, सांगा ना."

"तीन बत्तीसला घड्याळ लावलं, सहा पाचला बंद केलं," फोर्तुनातो म्हणाला. "येताना पाहिला, जाताना पाहिला. मधे मी इथेच होतो. आडोशातून खेळाचं संगीत येत होतं सारखं."

"नऊच्या मागे दार आहे?"

"संडासाकडचं. सगळेच वापरतात."

जोसिमार हसला. "विश्वास नाही का? मग ऐका. नऊचा रुंद पडदा काल सकाळी बिघडला होता, आणि त्या जागी काकांनी तो जुना चौकोनी ढब्ब्या ठेवला होता. आज सकाळी रुंद पडदा दुरुस्त होऊन परत आला. मी काल बसलोच नसतो तर मला हे कसं कळलं असतं?"

"बरोबर," फोर्तुनातो म्हणाला. "मी कुणाला बोललो नव्हतो. ढब्ब्या आता काउंटरखाली आहे."

"मग खेळायला त्रास झाला असेल."

"मला? बाकीचे आकडे लहान करतात, शत्रू जाडा दिसावा म्हणून. आपण नाही. पडदा कुठलाही असो, आपली फाइल एकच. एकोणीसशे वीस बाय एक हजार ऐंशी. कालही तीच. चाळीस मारले." त्याने गळ्यातली दोरी ओढून प्लास्टिकचा पेनड्राइव्ह शर्टाच्या वर काढला. आत काहीतरी किणकिणलं. त्याने घाईने दोरी पुन्हा शर्टात सोडली.

विल्मर निराश झाला. "सुटला हा, वहिनी. पक्का पुरावा."

ग्रिसेल्दाची मूठ पंपावर पांढरी पडली होती. पावणेअकरा वाजत होते.

ओक्ताव्हियाबाईंचा चेहरा मात्र बदलला. माझ्या मते त्या घाबरल्या होत्या. कोण, हे कळलं होतं. आता फक्त उशीर झाला नसावा एवढंच उरलं होतं.

"फोर्तुनातो, काल सहानंतर नवावर कुणी बसलं?"

"ढब्ब्यावर कोण बसतो, बाई?"

"सेटिंगची फाइल उघड."

म्हाताऱ्याने उघडली. रुंदी एकोणीसशे वीस, उंची एक हजार ऐंशी. शुक्रवार, दुपारी तीन चौतीसला ठेवलेली. कुलूपबंद.

"बघा! मी म्हटलं ना?" जोसिमार म्हणाला.

"म्हटलंस. आता काउंटरखालचा ढब्ब्या लाव, फोर्तुनातो. लवकर. फाइलला हात लावू नकोस."

जड खोकं टेबलावर आलं. वायर जोडली. खेळ सुरू झाला. जुनं मशीन घरघरत राहिलं, एक मिनिट, दोन मिनिटं. जोसिमारच्या वरच्या ओठावर घाम आला. मग संगीत सुरू झालं, मोठ्याने.

आणि पडदा काळा झाला. मधोमध एकच ओळ तरंगत होती: हा आकार झेपत नाही.

"चाळीस मारलेस ना?" बाई म्हणाल्या. "चल, एक मारून दाखव."

संगीत वाजतच होतं.

"तिच्या वहीत लिहिलंय. ढब्ब्या, मोठं दिलं की डोळे मिटतो. काल तू बसलास, ढब्ब्या पाहिलास, सवयीने आपली फाइल चिकटवलीस, खेळ सुरू केलास, आणि तो उघडायच्या आत मागच्या दाराने सटकलास. थांबला असतास तर पडदा मिटलेला दिसला असता. इथलं शेंबडं पोरही मग फाइल उघडून आकडा लहान करतं. पण फाइल तीन चौतीसपासून कुणी बदललेली नाही. अडीच तास फक्त संगीत वाजलं, त्या काळ्या पडद्यासमोर. खुर्ची रिकामी होती."

"मी... मी बाहेर पाय मोकळे करायला..."

"गळ्यातली दोरी काढ."

तो मागे सरकला. पण एरिबेर्तो भिंतीपासून कधी उठला ते कुणाला दिसलंच नाही. त्याने दोरी ओढली. पेनड्राइव्हशेजारी एक गंजकी, वीतभर लांब किल्ली लोंबत होती.

"फक्त सामन्यापुरतं!" जोसिमार रडू लागला. "पाच वाजता सोडणार होतो, आईशप्पथ! पाणी ठेवलंय, पाव ठेवलाय. एकदाच, एकदा तरी मला कप्तान म्हणून बघू दे म्हटलं त्या माणसाला!"

ग्रिसेल्दाने मूठ उघडली. "आणि हा?"

त्याने पंपाकडे पाहिलं. "हा कुणाचा?"

मिलुस्काने संघात आजार लपवला होता, साव पावलोवाल्याच्या कानावर जाऊ नये म्हणून. जोसिमारचा चेहरा तेव्हा जो उतरला, तो खोटा नव्हता. पण त्याचं करायचं काय?

एरिबेर्तोने त्याची मान धरून त्याला तिथेच बसवलं. बाकीचे धावले.

विल्मरची तिचाकी अर्ध्या टेकडीपर्यंत गेली. पुढे पायऱ्या. धुक्यात चार पायऱ्यांपलीकडे काही दिसत नव्हतं.

"पण टाकीच का, वहिनी?" धापा टाकत विल्मरने विचारलं.

"खाली सगळी राखाडी धूळ, भाऊजी. एरिबेर्तोचे बूट बघा, तुमचे बघा. हिरवा चिखल फक्त माथ्यावर, धुक्याच्या दिवसांत. त्यात खिळ्यावरची किल्ली गेलेली, आणि प्लास्टिकचा पेनड्राइव्ह एकटा किणकिणत नाही."

"आणि ती आली कशी याच्यासोबत?"

"वाटेत गाठून अँटेना बिघडली म्हणाला असेल. उद्या अंतिम सामना, नेट बंद! ती पंप घ्यायलासुद्धा थांबली नसती. चला, बोलू नका आता."

टाकीचं लोखंडी दार ओलं होतं. ग्रिसेल्दाने हाक मारली. एकदा, दोनदा. आतून काहीच नाही. बाईंना किल्ली लागेना. विल्मरने त्यांच्या हातातून ती घेतली आणि खांदा लावून फिरवली.

आत काळोख आणि बुरशीचा वास. ग्रिसेल्दा उंबऱ्यावरच थिजली.

मग कोपऱ्यातून आवाज आला. अगदी बारीक, शिट्टीसारख्या श्वासातून.

"...दोन नंबर... सोळाशे... बाय... नऊशे..."

ओरडलं की धाप वाढत होती, म्हणून पोरगी रात्रभर ओरडली नव्हती. श्वास सावकाश राहावा म्हणून एकेका मशिनीचे आकडे म्हणत बसली होती. ओठ निळे, डोळे अर्धे मिटलेले.

ग्रिसेल्दाने पंप तिच्या तोंडाला लावला. एकदा. दोनदा. शिट्टी थांबेना. पापण्या खाली येत होत्या.

"बाई, ही झोपतेय! दोन्या, बघा ना!"

"बोलत राहा तिच्याशी. भाऊजी, उचला, दवाखाना गाठायचाय."

विल्मरने तिला पाठुंगळीला घेतलं. ग्रिसेल्दाने कमरेला खोचलेली वही काढली, जो कचरा ती जाळायला सांगत होती ती वही, आणि पायऱ्या उतरता उतरता ओल्या डोळ्यांनी वाचायला लागली.

"तीन नंबर? मिलू, सांग. तीन नंबर किती?"

"तेराशे... साठ... बाय सातशे अडुसष्ट."

"शाब्बास. चार नंबर?"

असं करत ते पायऱ्यांखाली तिचाकीपाशी आले तेव्हा बारा नंबर झाले होते, आणि पोरीचा श्वास शिट्टीशिवाय येत होता. ओक्ताव्हियाबाई मागे राहिल्या होत्या. एका पायरीवर बसून त्या पदराने, म्हणजे शालीच्या टोकाने, तोंड झाकून रडत होत्या. विल्मरने ते कुणाला सांगितलं नाही, मला सोडून.

"आणि ढब्ब्या?" ग्रिसेल्दाने विचारलं.

"एक हजार चोवीस बाय सातशे अडुसष्ट," मिलुस्का म्हणाली. "मोठं दिलं की डोळे मिटतो."

"तू नको मिटूस," आई म्हणाली, आणि तिने वहीचं पहिलं पान पुन्हा उघडलं.