मागच्या प्रकरणात पाहिलेलं पान

"उद्या बारापर्यंत मी नक्कल केली असं लिहून द्यायचंय," जेबा म्हणाली. "न्हाईतर चौकशी समिती बसणार. समिती बसली की नोकरी गेलीच समजा."

लातूरच्या त्या एका खोलीच्या ऑफिसात रामकिशनने तिला स्वतःची खुर्ची दिली आणि दाराला टेकून उभा राहिला. त्याची चुलत बहीण तारामती पोलिसांची नोकरी सोडून खासगी तपास करू लागली, तेव्हापासून तो तिची जीप चालवत होता आणि जमेल तसं डोकंही. जीप बरी चालायची.

जेबा नांदेडच्या एका खासगी इंजिनिअरिंग कॉलेजात कंत्राटी प्राध्यापिका होती. संगणक-नेटवर्कच्या नोट्स तिने पाच वर्षं खपून इंग्रजीत लिहिल्या होत्या. दोन महिन्यांपूर्वी त्याच नोट्स पुस्तक होऊन बाजारात आल्या. लेखक, लातूरचे प्राध्यापक सिद्धेश्वर कल्याणे. डिजिटल लॉजिकवरच्या त्यांच्या जुन्या पुस्तकावर इंजिनिअरांच्या दोन पिढ्या पास झाल्या होत्या. तेव्हा चोर कोण, हे ठरवायला कॉलेजला फार वेळ लागला नाही.

"नोट्स टाइप केलेल्या?" तारामतीने विचारलं.

"हाताने लिहिलेल्या. एका प्रकरणाचा एक पिन मारलेला गठ्ठा, असे पाच. पानांना नंबर हायत, गठ्ठ्यांना न्हाईत. त्यांचा क्रम माझ्या डोक्यात."

"पहिला कोणता?"

"वेबपानाचा. पोरांना मोबाइलवर दिसतं तिथून सुरू करायचं आणि पायरी पायरीने खाली उतरत शेवटी तारेपर्यंत यायचं. बाकी सगळे तारेपासून वर जातात."

तारामतीने कल्याणेंचं पुस्तक चाळलं. "यात तार पहिली आहे."

"हाव. तेवढंच बदललं त्यांनी."

"गठ्ठे तुमच्या नजरेआड कधी होते?"

"गेल्या मेमध्ये. महिनाभर पुण्याला ट्रेनिंग होतं माझं. गठ्ठे घरी पेटीत होते."

कल्याणे सर लातुरातच राहत. त्यांनी अगदी प्रेमाने सरबत पाजलं.

"पोरगी हुशार आहे हो," ते म्हणाले. "गेल्या जूनमध्ये कायम जागेच्या मुलाखतीला आली होती, मी निवड समितीवर होतो. तिने माफी मागावी, मी विषय वाढवणार नाही."

"चौथ्या प्रकरणात तुम्ही लिहिलंय, 'मागच्या प्रकरणात पाहिलेलं वेबपान'. पण वेबपान तर पाचव्यात येतं," तारामती म्हणाली.

कल्याणेंनी तिचा रिकामा पेला उचलला. "प्रूफ तपासणाऱ्याची चूक."

रामकिशनला ते पटलं. जीपमध्ये तसं त्याने बोलूनही दाखवलं.

"त्यांचं डिजिटल लॉजिक मी निघण्याआधी चाळलं," तारामती म्हणाली. "असली एक चूक सापडत नाही. ते त्यांनी स्वतः लिहिलं होतं."

जेबाला घेऊन नांदेडला पोचेपर्यंत रामकिशनचा संशय कॉलेजसमोरच्या झेरॉक्सवाल्या बजरंगवर पक्का झाला होता.

"मॅडम एक प्रकरण शिकवायला घेतल्या की एक गठ्ठा आणत्यात," बजरंग म्हणाला. "झेरॉक्सवर मीच पेनाने एक, दोन, तीन टाकतो. न्हाईतर पोरं लई डोकं खात्यात." त्याने संच दाखवला. एक वेबपान, पाच तार.

देगलूर नाक्याजवळच्या घरात जेबाचे वडील खाजामियाँ जमिनीवर बसून एक जुनी उर्दू किताब शिवत होते. पन्नास वर्षांचा बुकबाइंडिंगचा हात. उजवीकडून एकेक जुज, म्हणजे घडीचा भाग, उचलून ते रचत होते. पाहुणे दिसताच ते उठले आणि पुन्हा बसलेच नाहीत.

जेबाने पेटीतून गठ्ठे काढून दिले. तारामतीने एकेकाच्या कडेवरून बोट फिरवलं. पिनेच्या शेजारी सगळ्यांना सारख्याच अंतरावर बारीक भोकं होती.

"गठ्ठ्यांची चोरी झालेलीच नाही," ती म्हणाली. "झेरॉक्सवरून उतरवलं असतं तर क्रम बरोबर आला असता, त्यावर नंबर आहेत. म्हणजे मूळ गठ्ठ्यांवरून उतरवलं. त्यांना नंबर नाहीत, पण ही भोकं सुईची आहेत. कोणीतरी पाचही गठ्ठे एकत्र शिवले आणि नंतर उसवले. शिवणाऱ्याला इंग्रजी येत नव्हतं. हाताच्या सवयीने त्याने पेटीत सगळ्यात वर असलेला पहिला गठ्ठा उजवीकडे ठेवला, उर्दू किताबीत ठेवतात तसा. डावीकडून उघडल्यावर तार पहिली आली. कल्याणेंना वाटलं असंच असतं, कारण सगळे तारेपासूनच सुरू करतात. त्यांनी मजकूर वाचला नाही, नुसता उतरवला. म्हणून ते मागचं प्रकरण पुढे राहिलं."

जेबा वडिलांकडे बघत होती.

"मीच नेऊन दिलं, बेटा," खाजामियाँ म्हणाले. "तू पुण्याला होतीस. म्हटलं, कल्याणे साहेबांना दाखवावं माझी पोरगी काय लिहिती. छान जिल्द बांधून दिली. साहेब म्हणले, पंधरा दिवस ठेवून जा. तू यायच्या आत परत आणून उसवून ठेवलं. वाटलं, वाचतील तर तू कायम होशील."

"मंग झालं की," रामकिशनला हायसं वाटलं. "चाचांनी समितीपुढं एवढंच सांगायचं."

"काय सांगायचं?" तारामती म्हणाली. "मुलाखतीआधी उमेदवाराचा बाप निवड समितीवरच्या माणसाच्या घरी गेला, हे? मग नोकरी त्यासाठी जाईल. आणि कल्याणे म्हणतील, असलं काही आलंच नव्हतं. बापाची साक्ष लेकीसाठी कोण धरतं? भोकांवरून तर काहीच सिद्ध होत नाही. खरं काय ते मी शोधलं, जेबा. तुम्हाला वाचवेल असं त्यात काही नाही."

"मी येतो," खाजामियाँ म्हणाले. "जे इचारतील ते सांगतो."

"ते तुम्हाला उभं करून हसतील, अब्बा."

जेबाने कोरा कागद घेतला आणि तिथंच बसून इंग्रजीत लिहायला लागली. रामकिशन तिच्या मागेच उभा होता. इंग्रजीची त्याची बोंबच होती, पण 'कॉपीड', म्हणजे नक्कल केली, हा शब्द त्याला लागला. त्याने तारामतीकडे पाहिलं. तिने मान खाली घातली.

"काय लिहिलंस, बेटा?" खाजामियाँनी विचारलं.

"सगळं खरं खरं लिहिलंय, अब्बा."

त्यांनी कागद हातात घेतला, कडेला कड जुळवून घडी घातली, नखाने दाबली आणि तिला परत दिला.

"मंग आता तुला कोण काढतंय," ते म्हणाले आणि पाहुणे आल्यापासून पहिल्यांदाच खाली बसले.