पहिल्या ओळीतला कित्ता

फोन आरेखकबाईंचा होता.

"रेकॉर्डबाई, रुजू नोंदवहीतलं पान कुणीतरी फाडलंय. म्हणतात, मीच फाडलं. तीन वाजता सुनावणी आहे. याल का?"

रेकॉर्डबाईंना निवृत्त होऊन बारा वर्षं झाली होती. त्या वहीच्या प्रत्येक पानावर त्यांनी स्वतः टाकानं आकडे घातले होते. त्यांनी चपला पायात सरकवल्या.

पाणीखात्याच्या कचेरीचा जिना तोच होता, फक्त आता शाईचा आणि डिंकाचा वास येत नव्हता. कपाटांवर गठ्ठे कसेही फेकलेले. त्यांच्या काळी असा गठ्ठा दिसला असता, तर मोठ्या साहेबांनी अख्ख्या शाखेला दुपारभर उभं केलं असतं.

भांडण तीस वर्षांपूर्वीच्या एका दिवसाचं होतं. दोन आरेखक एकाच आदेशानं, एकाच दिवशी नोकरीला लागले. जो आधी रुजू झाला तो ज्येष्ठ, आणि प्रमुख आरेखकाची एकुलती एक खुर्ची त्याची. कोण आधी आलं ते त्या पानावर होतं. पान गायब, आणि गेल्या आठवड्यात वही सही करून पाहायला नेली होती आरेखकबाईंनी. आरोप शाबीत झाला तर खुर्ची दूरच, नोकरीही जाणार होती.

साहेबांच्या खोलीत आरेखकबाईंखेरीज तिघं होते. साहेब तरुण, सारखे घड्याळ बघणारे. हेडक्लार्क, खिशाला तीन पेनं. आणि दुसरा आरेखक, ज्याला सगळे मागून 'खोडरबर' म्हणत, कारण तो एक रेघ ओढून दोन खोडायचा. खिडकीत डब्याच्या दोन पिशव्या होत्या. हिरव्या लोकरीच्या, दोन्हींवर तेच वाकडं फूल.

"मला आठवतंय," रेकॉर्डबाई म्हणाल्या. "ही दहाच्या ठोक्याला आली. हा जेवणाच्या सुट्टीनंतर."

"आठवणीवर ज्येष्ठता ठरत नाही, बाई," हेडक्लार्क हसला. "कागद लागतो. आणि कागद आहे. यांच्या," त्यानं खोडरबरकडे बोट केलं, "फाईलीत त्या पानाची जुनी नक्कल मिळाली."

रेकॉर्डबाईंनी चष्मा पुसला आणि नक्कल मोठ्यानं वाचली.

"पहिली ओळ. याचं नाव. आदेश क्रमांक, कित्ता. वेळ, मध्यान्हपूर्व. दुसरी ओळ. हिचं नाव. आदेश क्रमांक, चारशे बारा. वेळ, मध्यान्होत्तर. खाली 'मुळाबरहुकूम' आणि आपल्या जुन्या हेडक्लार्कची सही. ते तर आता सांगायला येत नाहीत."

"मग? स्वच्छ आहे," साहेब म्हणाले.

"फारच स्वच्छ." त्या खोडरबरकडे वळल्या. "ही तू लिहिलीस?"

"मी कशाला लिहू? मी नकाशे काढतो."

"कधी कुठली नक्कल केलीस?"

"जन्मात नाही. ते काम कारकुनांचं."

"खरं बोललास. सवय नसेल, जपून बोल." मग हेडक्लार्कला, "तुम्ही ती वही कधी उघडलीत?"

"आज सकाळी. त्याआधी कधीच नाही."

"किरकोळ कागदांची नस्ती कुठे असते?"

हेडक्लार्कचा हात पेनांवर गेला. "तिचा काय संबंध?"

"आणा तर खरी."

तो हलला नाही. आरेखकबाईच उठल्या आणि बाहेरच्या कपाटातून नस्ती घेऊन आल्या. रेकॉर्डबाईंनी ती उघडली नाही. नुसता हात ठेवला.

"साहेब, कित्ता म्हणजे काय?"

"वरच्यासारखंच."

"मग पहिल्या ओळीत कित्ता कसा? वर आहे काय? पानाचा मथळा?"

साहेबांनी नक्कल ओढून घेतली.

"मूळ पानावर ही वर होती, क्रमांक चारशे बारा. हा खाली, म्हणून याला कित्ता. कुणीतरी ओळींची अदलाबदल केली, वेळा फिरवल्या आणि बाकीचं जसंच्या तसं उतरवलं. मक्षिकास्थाने मक्षिका. खोडरबरनं हे केलं असतं, तर विचार करून क्रमांक लिहिला असता. न वाचता उतरवायला आयुष्यभर कारकुनी करावी लागते. या महाशयांनी तीस वर्षं कित्ता गिरवला, शब्द एकही वाचला नाही."

"मला यात काय मिळणार?" हेडक्लार्कचा आवाज चिरकला.

"त्या दोन पिशव्या एकाच हातच्या आहेत. तुमच्या सासूबाईंचं विणकाम, माझ्या काळीही तुम्ही ते मिरवायचात. दोन लेकी, दोन जावई, दोन पिशव्या. साडू खुर्चीत बसला की घरात तुमचाही भाव वाढणार."

खोडरबरनं खाली बघितलं. "मी यांना काही सांगितलं नव्हतं."

"तू कधी काही केलंयस का?" आरेखकबाई म्हणाल्या. इतक्या वेळात प्रथमच.

"आणि मूळ पान?" साहेबांनी विचारलं.

"फाडलं असेल. फेकवलं नसेल. असल्यांना लबाडी करता येते, पण कागद फेकायला हात धजत नाही. ज्याला घर नाही तो किरकोळमध्ये."

साहेबांनी नस्ती उघडली. अकरावा कागद. कोपऱ्यात टाकानं लिहिलेला पानाचा आकडा, सत्त्याऐंशी. भोक पाडून, दोऱ्यात ओवून, अनुक्रमणिकेत नोंदवलेला. खाली हेडक्लार्कची आद्याक्षरं आणि सोमवारची तारीख.

"नोंद मात्र चोख आहे हो," रेकॉर्डबाई म्हणाल्या.

साहेबांनी ज्येष्ठता यादी पुढे ओढली आणि स्वतःच लिहायला घेतली. पहिल्या ओळीत आरेखकबाईंचं नाव, समोर चारशे बारा. दुसऱ्या ओळीत खोडरबरचं. तिथे पेन थबकलं.

"आणि याच्या समोर?"

"कित्ता," रेकॉर्डबाई म्हणाल्या. "खालच्या ओळीत शोभतो."